रामापिथेकस माणसाचा पूर्वज होता का? आणि तो शिवालिकातला की पूर्व आफ्रिकेतला?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: मुलीच्या दहावीच्या विज्ञानाच्या पुस्तकात मानवसदृश प्राण्याची पहिली नोंद म्हणून पूर्व आफ्रिकेतल्या रामापिथेकसचं नाव दिलंय. तुम्ही स्वतः स्पर्धा परीक्षेचा अभ्यास करताना तो शिवालिकच्या टेकड्यांत सापडल्याचं वाचलं होतं. आणि नेटवर शोधलं तर असा वेगळा प्राणीच नव्हता म्हणतात. मग खरं काय, आणि भारतात मानवाच्या उगमाचा काही पुरावा आहे की नाही?

मी पुरातत्त्व शिकवते, आणि हा प्रश्न दरवर्षी कुणीतरी विचारतंच. आधी सरळ उत्तर देते. रामापिथेकस आपला पूर्वज नाही. हा वाद १९८०च्या दशकाच्या सुरुवातीलाच मिटला. ज्या जबड्यांना आणि दातांना रामापिथेकस म्हणत होते ते शिवापिथेकस नावाच्या आशियाई एपचेच निघाले, त्यातल्याही बहुधा लहान चणीच्या माद्यांचे. (एप म्हणजे चिंपांझी, गोरिला, ओरांगउटान यांच्यासारखे बिनशेपटीचे प्राणी.) शिवापिथेकसचा चेहरा जुळतो तो ओरांगउटानशी. मूळ जीवाश्म शिवालिकातलाच, म्हणजे तुम्ही वाचलं होतं ते बरोबर. पूर्व आफ्रिका त्याला नंतर चिकटली, ती कशी ते खाली सांगते. मुलीने परीक्षेत पुस्तकात आहे तेच लिहावं, गुण त्यालाच मिळणार. पण खरी हकीकत तिला जरूर सांगा, कारण ती पुस्तकातल्या त्या एका ओळीपेक्षा कितीतरी अधिक शिकवते.

१९३२ साली अमेरिकेतल्या येल विद्यापीठाची एक मोहीम उत्तर भारतात आली होती. तिच्यातला जी. एडवर्ड लुईस हा तरुण संशोधक आजच्या हिमाचल प्रदेशातल्या बिलासपूर जिल्ह्यात, हरितल्यांगरच्या परिसरात जीवाश्म गोळा करत होता. हिमालय उंचावत असताना नद्यांनी खाली आणून टाकलेला गाळ म्हणजे शिवालिक. त्याचे थर हजारो मीटर जाडीचे आहेत आणि त्यांत हत्तींचे पूर्वज, जिराफांचे नातलग, तीन खुरांचे घोडे असं सगळं गाडलं गेलंय. तिथे लुईसला एका वरच्या जबड्याचा उजवीकडचा तुकडा मिळाला. १९३४ साली त्याने त्याला रामापिथेकस हे नाव दिलं आणि दातांची ठेवण माणसाकडे झुकणारी असल्याचं म्हटलं. त्या काळी जबडा सापडला की नवं नाव असा सपाटाच होता. शिवापिथेकस हे नाव भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणातल्या गाय पिलग्रिमने १९१० सालीच दिलेलं होतं. लुईसने त्यात ब्रह्मापिथेकस आणि सुग्रीवापिथेकसचीही भर घातली. अमेरिकेतल्या स्मिथसोनियन संस्थेतल्या आलेश हर्डलिच्का या वजनदार मानवशास्त्रज्ञाने लगेच, १९३५ साली, लुईसचा दावा झोडपून काढला, आणि तो तुकडा पुढची पंचवीसेक वर्षं जवळपास विस्मृतीत गेला.

१९६१ साली येलमध्येच एल्विन सायमन्स यांनी तो पुन्हा बाहेर काढला आणि लुईसचं बरोबर होतं असं मांडलं. डेव्हिड पिलबीम हे तरुण संशोधक त्यांना येऊन मिळाले. १९६५ साली दोघांनी मिळून जुन्या नावांची ती गर्दी आवरली. आशिया, युरोप आणि आफ्रिकेतले डझनावारी एप त्यांनी थोड्याच प्रजातींत बसवले: एका बाजूला एपकडे झुकणारा ड्रायोपिथेकस, दुसऱ्या बाजूला माणसाकडे झुकणारा रामापिथेकस. एनसीईआरटीच्या बारावीच्या जीवशास्त्रात ही दोन नावं जोडीने येतात, ती याच मांडणीतून आलेली. नावं कमी करण्याचं त्यांचं काम फार मोलाचं होतं, हे मला मुद्दाम सांगावंसं वाटतं. पुढे रामापिथेकस बाद झाला म्हणून त्या कामाचं महत्त्व कमी होत नाही.

आफ्रिकेचा धागा इथेच येतो. पश्चिम केनियात फोर्ट टर्नन इथे लुई लीकी यांना १९६१ साली असाच एक वरचा जबडा मिळाला आणि १९६२ साली त्यांनी त्याचं नाव केनियापिथेकस ठेवलं. सायमन्स म्हणाले, हा रामापिथेकसच. फोर्ट टर्ननच्या थरांचं वय पोटॅशियम-आर्गॉन या ज्वालामुखीच्या खडकाचं वय मोजण्याच्या पद्धतीने सुमारे १ कोटी ४० लाख वर्षं आलं होतं. अशा रीतीने रामापिथेकस भारतातलाही झाला, पूर्व आफ्रिकेतलाही झाला आणि त्याला एक भारदस्त वयही मिळालं. आज केनियापिथेकस हा वेगळा एप मानला जातो. तुमच्या मुलीच्या पुस्तकातली ओळ बहुधा त्या मधल्या काळातली आहे, दोघांना एकच नाव असतानाची.

आता तो तुकडा प्रत्यक्ष बघा. त्यात दोन उपदाढा आणि दोन दाढा आहेत. सुळा नाही, नुसतं त्याचं खोबण आहे. त्यापुढे पटाशीच्या दाताच्या मुळाची खूण. बस्स. अख्खा तुकडा तळहातात मावतो. टाळूची मधली रेघ, म्हणजे डावा आणि उजवा जबडा जिथे मिळतात ती शीव, त्यात नाही. आणि सगळा घोळ तिथूनच झाला. माणसाची दातांची कमान मागे रुंद होत जाते, पॅराबोलासारखी. चिंपांझीच्या दाढांच्या रांगा मात्र जवळपास समांतर असतात, इंग्रजी यू अक्षरासारख्या. रामापिथेकसची कमान माणसासारखी असल्याचं सांगितलं जायचं. पण मधली रेघच हातात नसेल तर अर्ध्या जबड्यावरून पूर्ण कमान काढायची कशी? उजव्या बाजूचं प्रतिबिंब घेऊन डावी बाजू काढायची, आणि रेघ कुठे होती ते अंदाजाने ठरवायचं.

वर्गात मी हे करून दाखवते. जबड्याच्या तुकड्याचा प्लास्टरचा साचा टेबलावर उभ्या धरलेल्या आरशाला टेकवायचा. तुकडा आणि त्याचं प्रतिबिंब मिळून पूर्ण कमान दिसते. मग साच्याचं मागचं टोक आरशापासून किंचित दूर सरकवायचं, अगदी थोडंसं. कमान लगेच मागे पसरते आणि माणसासारखी दिसू लागते. परत जवळ आणलं की एपसारखी. तुकडा तोच, दात तेच. मुलं दोनदा-तीनदा स्वतःच्या हाताने करून बघतात आणि मग कुणीतरी विचारतंच, मग यातलं खरं कुठलं? तुकड्याकडे याचं उत्तर नाहीच.

मग इतक्या जाणत्या लोकांना खात्री कशी वाटली? माझ्या मते कारण जबड्याच्या बाहेर होतं. डार्विनने १८७१ साली एक साखळी सुचवली होती: आपले पूर्वज दोन पायांवर उभे राहिले, हात मोकळे झाले, हातात हत्यारं आली, मग लढायला सुळ्यांची गरज उरली नाही आणि सुळे लहान झाले. ही साखळी इतकी पटणारी होती की उलट्या टोकाने वाचणंही सोपं वाटू लागलं. रामापिथेकसचा सुळा लहान असावा, म्हणजे तो हत्यारं वापरत असावा, म्हणजे तो दोन पायांवर चालत असावा. दाढांवरचं जाड एनॅमल, म्हणजे दाताचं वरचं कडक आवरण, याचा अर्थ तो जंगल सोडून उघड्यावर, कडक दाणे चावून खात असावा. पायाचं एकही हाड हातात नव्हतं, कमरेचं नव्हतं, कवटी नव्हती. तरी ताठ उभ्या रामापिथेकसची चित्रं पुस्तकांत आली. सुळा लहान असण्याचं साधं कारण तो मादीचा असणं हेही असू शकतं, हा विचार मागे पडला. बऱ्याच एपांमध्ये नर-माद्यांच्या आकारात, विशेषतः सुळ्यांत, खूप फरक असतो; तुम्ही प्राणिसंग्रहालयात कधी ओरांगउटानची जोडी पाहिली असेल तर लगेच लक्षात येईल.

पहिला धक्का हाडांच्या अभ्यासकांकडून आलाच नाही, तो आला रक्ताच्या प्रयोगशाळेतून. १९६७ साली अमेरिकेतल्या बर्कली विद्यापीठात व्हिन्सेंट सॅरिच आणि ॲलन विल्सन यांनी अल्ब्युमिन या रक्तातल्या प्रथिनाची तुलना केली. पद्धत अशी: माणसाचं अल्ब्युमिन सशाला टोचायचं, सशाच्या रक्तात त्याविरुद्ध प्रतिपिंडं तयार होतात. ती प्रतिपिंडं मग चिंपांझीच्या, गोरिलाच्या, माकडांच्या अल्ब्युमिनबरोबर किती जोराने प्रतिक्रिया देतात ते मोजायचं. प्रतिक्रिया जितकी जोराची तितकं प्रथिन सारखं. माणूस आणि चिंपांझी यांच्यातला फरक अगदी थोडा भरला, माणूस आणि आफ्रो-आशियाई माकडं यांच्यातल्या फरकाच्या साधारण सहाव्या हिश्श्याएवढा. माकडं आणि एप यांच्या वाटा ३ कोटी वर्षांपूर्वी वेगळ्या झाल्या असं धरलं, आणि असे बदल साधारण एकाच गतीने साठत जातात हे मान्य केलं, तर माणूस आणि चिंपांझी वेगळे होऊन जेमतेम ५० लाख वर्षं होतात. मग १ कोटी ४० लाख वर्षांपूर्वीचा रामापिथेकस माणसाच्या शाखेवर बसणार कसा? ती शाखाच तेव्हा फुटलेली नव्हती.

जीवाश्मवाले चिडले, आणि त्यांचं चिडणं मला समजतं. ज्याने दगड फोडून एकही हाड काढलं नाही तो परीक्षानळीतून त्यांना सांगत होता की तुमचा पूर्वज पूर्वज नाही. सॅरिचही काही सौम्य बोलणारा नव्हता. १९७१ साली त्याने लिहिलं की ८० लाख वर्षांपेक्षा जुना जीवाश्म दिसायला कसाही असो, तो मानवकुळातला मानण्याची मुभा आता कुणाला उरलेली नाही. वाद दहा-पंधरा वर्षं चालला.

दरम्यान हाडांनीही साथ सोडायला सुरुवात केली. १९७३ साली ॲलन वॉकर आणि पीटर अँड्र्यूज यांनी फोर्ट टर्ननचा वरचा आणि खालचा जबडा जुळवून कमान पुन्हा बांधली, तर ती माणसासारखी गोलसर येईना; पुढे निमुळती, व्ही अक्षरासारखी आली. पिलबीम यांनी पाकिस्तानच्या भूवैज्ञानिक सर्वेक्षणाबरोबर पोटवार पठारावर, म्हणजे शिवालिकांच्याच पश्चिम भागात, नव्याने काम सुरू केलं होतं. तिथे अखेर बरेचसे पूर्ण खालचे जबडे मिळाले आणि आरशाची गरज संपली. कमान माणसाची नव्हती. पाठोपाठ पोटवारमधूनच शिवापिथेकसच्या चेहऱ्याचा मोठा भाग हाती आला, सुमारे ८० लाख वर्षं जुना. १९८२ साली पिलबीम यांनी तो नेचर या नियतकालिकात प्रसिद्ध केला. उभट, अंडाकृती डोळ्यांच्या खोबण्या, दोन डोळ्यांमधलं अगदी कमी अंतर, मधोमध आत दबलेला आणि खाली पुढे आलेला चेहरा: समोर ओरांगउटानची कवटी ठेवली तर साम्य शिकवावं लागत नाही. तुर्कस्तानातल्या एका जवळच्या जीवाश्मावरून अँड्र्यूज यांचाही विचार त्याच दिशेने गेला होता. रामापिथेकस आणि शिवापिथेकसचे दात तर मुळातच इतके सारखे होते की एकाचा चेहरा मिळाल्यावर दुसऱ्याला वेगळं ठेवायला जागाच राहिली नाही.

या सगळ्यात मला सर्वांत जास्त आदर वाटतो तो पिलबीम यांच्याबद्दल. ज्या मांडणीवर त्यांचं नाव झालं ती मोडणारा पुरावा त्यांनी स्वतः पठारावर वर्षानुवर्षं राबून शोधला आणि स्वतःच्या नावाने छापला. त्याआधीच, १९७८च्या सुमारास, ते उघडपणे लिहू लागले होते की आपल्या सिद्धांतांत जीवाश्मांपेक्षा आपल्याच गृहीतकांचा वाटा मोठा होता. आणि १९९० साली त्यांच्याच गटाने शिवापिथेकसच्या दंडाची हाडं प्रसिद्ध केली, ती ओरांगउटानसारखी नव्हती. म्हणजे चेहरा ओरांगचा, पण हात वेगळ्या चालीचा. त्यामुळे शिवापिथेकस हा ओरांगचा थेट पूर्वज की नुसता भाऊबंद, हा प्रश्न अजून उघडा आहे. माणसाच्या शाखेशी मात्र त्याचा संबंध जोडायला आता काहीच आधार नाही.

सॅरिच-विल्सन यांचा आकडाही जसाच्या तसा टिकलेला नाही. जनुकांच्या आजच्या अभ्यासांतून माणूस आणि चिंपांझी यांच्या फारकतीचा काळ आणखी थोडा मागे, साधारण ६० ते ८० लाख वर्षांच्या आसपास किंवा त्याहूनही किंचित मागे सरकतो. त्याला जुळणारे जीवाश्म मिळाले ते आफ्रिकेत. चाडच्या जुराब वाळवंटात २००१ साली सापडलेली सहेलँथ्रोपसची कवटी ६० ते ७० लाख वर्षं जुनी आहे. तो दोन पायांवर चालायचा का, यावर अजून घमासान आहे. इथिओपियातला आर्डिपिथेकस ४४ लाख वर्षांपूर्वीचा. त्याचा पायाचा अंगठा अजून फांदी पकडण्याजोगा होता. टांझानियात लाएतोली इथे ज्वालामुखीच्या ओल्या राखेत उमटलेली, ३६ लाखांहून अधिक वर्षं जुनी पावलं आहेत. तिथे टाच आधी टेकलेली दिसते आणि अंगठा बाकी बोटांच्या ओळीत आलेला आहे. १९७४ साली इथिओपियातच हदार इथे मिळालेला ल्युसी नावाचा सांगाडा ३२ लाख वर्षांपूर्वीचा. तिचा मेंदू चिंपांझीच्या मेंदूहून फार मोठा नव्हता, पण कंबर आणि गुडघा चालणाऱ्याचे आहेत. म्हणजे दोन पायांवर चालणं खूप आधी आलं. दगडी हत्यारं आणि मोठा मेंदू मागाहून. डार्विनची साखळी एकत्र घडली नाही, तिच्या कड्यांमध्ये लाखो वर्षांची अंतरं निघाली. रामापिथेकसला एका सुळ्यावरून उभं करणं का चुकलं, ते इथे कळतं. चालण्याबद्दल बोलायचं असेल तर पाय, गुडघा, कंबर, नाहीतर कवटीच्या तळाशी मणका जोडला जातो ती जागा, यांपैकी काहीतरी हाती हवं.

आता तुमच्या प्रश्नाचा दुसरा भाग. भारतात काही आहे का? आहे, पण ते मानवाच्या उगमाचं नाही, उगमानंतरच्या प्रवासाचं आहे. १९८२ सालच्या डिसेंबरात मध्य प्रदेशात हथनोरा इथे नर्मदेच्या जुन्या गाळात भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाच्या अरुण सोनकिया यांना मानवी कवटीचा वरचा भाग मिळाला. तो होमो इरेक्टस या प्राचीन मानवाचा की त्याहून नंतरच्या मानवाचा, यावर मतं वेगळी आहेत. चेन्नईजवळच्या अत्तिरमपक्कम इथल्या दगडी हातकुऱ्हाडी सुमारे १५ लाख वर्षं जुन्या ठरल्या आहेत. शांती पप्पू यांच्या गटाने २०११ साली ते प्रसिद्ध केलं. आपल्याकडे पुणे जिल्ह्यात कुकडीकाठच्या बोरीलाही ज्वालामुखीच्या राखेच्या थराबरोबर अशी जुनी हत्यारं मिळाली आहेत, तिथल्या राखेच्या वयावरून मात्र मोठा वाद आहे. हत्यारं इतकी आणि माणसाची हाडं जवळजवळ नाहीत, असं का, हेही मला नेहमी विचारतात. हाड टिकायला लवकर गाडलं जावं लागतं आणि माती त्याला मानवावी लागते. कोकणातल्या जांभ्याच्या आम्लधर्मी मातीत आणि तिथल्या पावसात हाड फार काळ तग धरत नाही. सह्याद्रीचा काळा पाषाण तर साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा लाव्हा. त्यात माणसाचं हाड शोधणं व्यर्थ आहे. आशा ठेवायची ती नद्यांच्या जुन्या गाळात, नर्मदेसारख्या. पूर्व आफ्रिकेच्या खचदरीत हे सगळं एकत्र जुळून येतं: खचत जाणारी जमीन, तळ्यांचा गाळ, मधूनमधून वय मोजता येणारी राख, आणि आता तेच थर उघडे पाडणारी धूप. तिथे इतकं सापडण्यात या भूगोलाचाही वाटा आहे. म्हणून जिथे काही सापडलं नाही तिथे कुणी नव्हतंच, असं म्हणताना जपून राहावं.

आणि शिवालिक रिकामं झालेलं नाही. कच्छमध्ये, शिवालिकपासून बऱ्याच दक्षिणेला, शिवापिथेकसच्या गटातल्या एपचा जबडा मिळाल्याचं २०१८ साली प्रसिद्ध झालं. जम्मूजवळच्या रामनगर इथे २०१५ साली एका टेकाडावर विसावलेल्या संशोधकांना मातीत चमकणारी एक दाढ दिसली. पाच वर्षांच्या अभ्यासानंतर, २०२० साली, ती सुमारे १ कोटी ३० लाख वर्षांपूर्वीच्या एका नव्या प्राण्याची ठरली आणि त्याला कपी रामनगरेन्सिस नाव मिळालं. शोधणाऱ्यांनी त्याला गिबनचा, म्हणजे लहान चणीच्या एपचा, तोवर सापडलेला सर्वांत जुना नातलग मानलं. या वेळी संशोधकांनी त्या एका दाढेचं सीटी स्कॅन करून अनेक जिवंत आणि नामशेष एपांच्या दाढांशी ती ताडून पाहिली, आणि दावा केला तो गिबनच्या कुळापुरताच. तो कसा चालायचा हे त्यांनी दाढेवरून ठरवलं नाही.